हेल्गाबाईंचं स्वतःचं वाक्य

नोव्हेंबर २००५, मंगळवार, दुपार. जागा: द हेगमधल्या एका हॉस्पिटलची दोन खाटांची खोली. हजर: खाटेवर हेल्गाबाई, पायथ्याशी अंगातला कोट न काढलेली त्यांची मुलगी टिनेका, हेल्गाबाईंचा हात हातात धरून उभे असलेले उंच, तरुण सर्जन, दाराशी एक नर्स, खुर्चीवर मांडीवर डबा घेऊन माझी आई, आणि खाट व भिंत यांच्यामधल्या फटीत मी. शेजारच्या खाटेचा पडदा ओढलेला होता आणि पलीकडे कोणीतरी सारखं खोकत होतं.

काहीही लिहायचं तर आधी तारीख आणि हजेरी, ही माझी सवय. घरात यावरून माझी थट्टा होते. पण त्या दिवशी कोण कुठे उभं होतं याला महत्त्व आहे. मी भिंतीच्या बाजूला नसते तर मला ते ऐकू आलं नसतं, आणि पुढचं काहीच घडलं नसतं. मी तेव्हा अठरा वर्षांची होते.

आम्ही द हेगला लागून असलेल्या फोरबर्गमध्ये राहायचो, एका तीनमजली इमारतीत, मधल्या मजल्यावर. बाबा रायस्वाइकच्या एका सॉफ्टवेअर कंपनीत होते. ते पुण्याहून आधी आले, माझी बारावी झाल्यावर आई आणि मी. इथल्या विद्यापीठाने माझे मार्क बघून आणखी एक वर्ष तयारी करायला सांगितली, त्यामुळे माझ्यापुढे एक रिकामं वर्ष होतं आणि डच भाषेच्या नावाने शून्य. जर्मन मात्र येत होतं. पुण्यात आमच्या शाळेत आठवीला संस्कृत किंवा जर्मन असा पर्याय होता आणि अर्ध्या वर्गाने मार्कांकडे बघून जर्मन घेतलं. पाच वर्षं आम्ही एकमेकांना रेल्वे स्टेशन कुठे आहे एवढंच विचारत होतो. या जर्मनचा जगात कोणाला उपयोग होईल, असं ते शिकवणाऱ्या बाईंनाही वाटत नसावं.

त्या घराचे आवाज मला अजून ऐकू येतात. हीटिंगचा पाइप सकाळी तापताना टकटक करायचा. कोपऱ्यावर ट्राम वळताना चाकं किंचाळायची. आणि साडेअकराला आमचा कुकर. तिसऱ्या शिट्टीनंतर खालून पाइपवर काठीचे दणके यायचे. आठवडाभर आईने दुर्लक्ष केलं. मग म्हणाली, "जा, खाली जाऊन माफी माग. कुठल्या भाषेत मागायची ते तुझं तू बघ." दारावरच्या पाटीवर डच आडनाव होतं, पण दार उघडणाऱ्या बाई आत कोणाशी तरी, बहुधा मांजराशी, जर्मनमध्ये रागावून बोलत होत्या. मी घाबरून जर्मनमध्येच म्हटलं, "क्षमा करा, ती शिट्टी भाताची आहे." त्या काठीवर रेलून बघत राहिल्या. पांढरे केस घट्ट बांधलेले, ओठांना लाली. "पुन्हा बोला," त्या म्हणाल्या. मी पुन्हा बोलले. "तुम्ही पाठ्यपुस्तकासारखं बोलता. भयंकर आहे. आत या, दार लावा, ऊब बाहेर जाते."

अशा त्या आमच्या हेल्गाबाई. आईने ठेवलेलं नाव. बाबा त्यांना 'खालच्या बाई' म्हणायचे. पडद्यावरचं नाव वेगळं होतं. ते मी इथे लिहीत नाही, कारण ते वाचून कोणी शोधत बसावं असं त्यांना आवडलं नसतं. युद्ध संपल्यावर, शहरं विटांच्या ढिगाऱ्यांत असताना, जर्मनीत जे गंभीर सिनेमे निघाले त्यांत त्या दुय्यम भूमिका करायच्या. पावाच्या रांगेतली बाई. कैदेतून परतणाऱ्या नवऱ्याची वाट बघणारी. वाईट बातमी घेऊन जिना चढणारी शेजारीण. "माझा चेहरा दुःखाला बरा होता," त्या म्हणायच्या, भाजी ताजी होती असं म्हणावं तसं. नायिका एकदाही नाही. मग प्रोजेक्टरच्या दिव्यांचा व्यापार करणाऱ्या एका डच माणसाशी लग्न झालं आणि त्या इकडे आल्या. काही वर्षं शूटिंगला रेल्वेने जाऊन येऊन करत होत्या. मुलगी झाल्यावर ते कमी झालं. इथे त्यांना एकच भूमिका मिळाली: युद्धावरच्या एका डच सिनेमात, आरडाओरडा करणारी जर्मन पहारेकरीण. तिकडे ज्या बाईसाठी लोक रडले तिला इकडे वाण्याने नमस्कार करणं बंद केलं. नवऱ्याने घरात जर्मन बोलू नकोस असं सांगितलं आणि मुलीने आईचा एकही सिनेमा बघायचा नाही असं ठरवलं. हे सगळं मला तुकड्यातुकड्यांत कळलं, एका वर्षाच्या दुपारींमधून.

कारण दुपारी मी तिथेच असायचे. टीव्हीखालच्या कपाटात जर्मन चॅनेलवरून रेकॉर्ड केलेल्या व्हिडिओ टेपा होत्या. त्या एक लावायच्या, रिमोट माझ्याकडे द्यायच्या आणि म्हणायच्या, "थांबवा. आता माझ्याकडे बघा. तिच्याकडे नको, ती बोलतेय, तिच्याकडे सगळेच बघतात. मी काय करतेय?" काहीच नाही, असं मी म्हणे. "मी ऐकतेय! मी नीट ऐकलं नाही तर तिचं रडणं खोटं ठरतं. पगार तिला, काम माझं." बहुतेक सिनेमांत त्या मध्यंतराच्या आत मरायच्या आणि त्याचा त्यांना अभिमान होता. "डोळे आधी मिटायचे नाहीत. आधी हात सोडायचा." पडद्यावरच्या आपल्या प्रत्येक वाक्याबरोबर त्यांचे ओठ हलायचे. महिन्याभरात माझेही हलायला लागले. वर्षभरात बहुतेक वाक्यं मला पाठ होती. माझं जर्मन रेल्वे स्टेशनवरून थेट तळघरात आणि स्मशानात गेलं.

आईचं आणि त्यांचं नातं भांड्यांवर चालायचं. एका चतुर्थीला आईने साबुदाण्याची खीर पाठवली. "सागो!" त्या ओरडल्या. लहानपणी त्यांच्याकडे तो चेरीच्या रसात शिजवत. दुसऱ्या दिवशी वाटी घासूनपुसून परत आली. आई म्हणाली, "रिकामी? सांग त्यांना, भांडं रिकामं परत करू नये." मी सांगितलं. तेव्हापासून आमच्या प्रत्येक वाटीत काहीतरी यायचं: साखरेचा एक खडा, अर्धं लिंबू, एकदा तर सोललेला उकडलेला बटाटा, एकच, मधोमध ठेवलेला. आईने तो मीठ लावून उभ्याउभ्या खाल्ला. "बाईने नियम पाळला," ती म्हणाली.

ऑक्टोबरमध्ये त्यांना पक्षाघाताचा झटका आला. पाच दशकांची डच भाषा त्यांच्या डोक्यातून पुसली गेली आणि जर्मनमधली काही वाक्यं तेवढी उरली, आखीव, स्वच्छ. इथल्या डॉक्टरांना जर्मन समजतं, त्यामुळे ती अडचण नव्हती. त्यातच डाव्या पायाला रक्त पोहोचेनासं झालं. नोव्हेंबरच्या त्या मंगळवारी पाय घोट्यापर्यंत काळा पडला होता आणि खोलीत त्याचा वास होता. आईच्या डब्यातल्या मऊ भाताचाही वास त्यापुढे येत नव्हता. सर्जन सरळ बोलणारे होते, जसे इथले असतात. गुडघ्यावरून पाय काढला तर त्या कदाचित जगतील. नाही काढला तर आठवडा. काढायचा असेल तर शुक्रवारी सकाळच्या आत ठरवा. पण त्यांना नको असेल तर बळजबरी करणार नाही, आणि ते त्यांच्या तोंडून ऐकायचंय. त्यांनी हेल्गाबाईंचा हात हातात घेतला, वाकले आणि हळू, मोठ्याने, जर्मनमध्ये विचारलं.

हेल्गाबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. मग स्पष्ट म्हणाल्या, "नको, डॉक्टर. माझं झालं. तिकडे बघा." हात त्यांच्या हातातून अलगद काढून घेतला आणि तोंड भिंतीकडे वळवलं.

सर्जननी टिनेकाकडे बघून मान हलवली. म्हणजे, स्पष्ट आहे. टिनेकाने तोंडावर हात दाबला. शेजारच्या खाटेवरचं खोकणं थांबलं नव्हतं. 'तिकडे' म्हणजे त्या खोकणाऱ्याकडे, असंच सगळ्यांना वाटलं. पण भिंतीकडे मी होते. हेल्गाबाईंचा चेहरा आता माझ्याकडे होता आणि ओठ अजून हलत होते. "तिकडे मुलं आहेत," त्या पुटपुटल्या. मग डोळे मिटले. आधी हात, मग डोळे.

ते तळघराचं दृश्य होतं. बॉम्ब पडलाय, डॉक्टर कंदील घेऊन त्यांच्यापाशी येतो, हात धरतो, आणि त्या हेच म्हणतात. आम्ही ते इतक्या वेळा बघितलं होतं की टेपवर तिथे पांढऱ्या रेघा पडल्या होत्या.

घरी आल्यावर मी सांगितलं. बाबा सोफ्यावर टाय सोडत होते. "असेल सिनेमातलं," ते म्हणाले. "पण सिनेमातलं वाक्य माणूस खरं म्हणूनही बोलतो की. मी नाही ऑफिसला जाताना अभंग म्हणत?"

"तुम्ही ऑफिसला मरायला जात नाही," आई म्हणाली.

"तुला माझं ऑफिस माहीत नाही." मग ते गंभीर झाले. "हे बघ, मायलेकींचा प्रश्न आहे, डॉक्टर आहेत, इथले कायदे आहेत. माझं परमिट नवं व्हायचंय. आपण पाहुणे. त्यांच्यामध्ये बोलणारे आपण कोण?"

"वरच्या मजल्यावरचे," आई म्हणाली आणि कणीक मळायला घेतली. थोड्या वेळाने आतूनच म्हणाली, "अहो, त्या बाई उद्या गेल्या आणि ही गप्प बसली, तर ही पोर पुढे कुठलाही सिनेमा बघू शकेल का?"

बुधवारी मी हेल्गाबाईंनी आमच्याकडे ठेवलेल्या किल्लीने त्यांच्या घरातून ती टेप घेतली आणि लायडनला टिनेकाच्या घरी गेले. टिनेका शाळेत भूगोल शिकवायची. वय पन्नाशीच्या पुढे, केस आखूड, बोलणं इंग्रजीत आणि तुटक. दारातच सायकल आडवी लावलेली होती. ती तिने बाजूला केली नाही.

"तू वरची मुलगी. ती नाटकं बघणारी."

"मला तुम्हाला एक दृश्य दाखवायचंय."

"मी लहानपणी पुरेशी दृश्यं बघितली. तिने त्या सिनेमात शिव्या दिल्या आणि शाळेत माझ्या दुधात पोरं थुंकली. ते दृश्य आहे का तुझ्या टेपवर?"

"नाही," मी म्हटलं. "काल तुमच्या आई जे बोलल्या, ते आहे."

तिने सायकल हलवली. सिनेमा तिने उभ्याने बघितला, कोट घालून, जणू ट्रामची वाट बघतेय. पडद्यावर धूळ होती, कंदील होता, आणि हेल्गाबाई. "देवा," टिनेका म्हणाली, "ही माझ्या मुलीपेक्षा लहान आहे." डॉक्टरने हात धरला. वाक्य आलं. हात सुटला. टिनेकाने ते पुन्हा लावायला सांगितलं, मग पुन्हा. नंतर ती जमिनीवरच बसली.

"म्हणजे तिला जगायचंय?"

"ते मला माहीत नाही. वाक्य कुठून आलं तेवढं माहीत आहे."

"म्हणजे तिला नकोही असेल."

"असेल."

"तू मला मदत करायला आलीस की छळायला?"

मी तेव्हाही आजच्यासारखीच होते. मला उत्तर मुद्द्यांनीच सुचलं. म्हटलं, पांढरा कोट, धरलेला हात, पायथ्याशी उभी माणसं, सगळी मांडणी त्या तळघरासारखी होती. मांडणी बदलून विचारा. तुम्ही विचारा. जर्मनमध्ये विचारा. ती म्हणाली, तिच्याशी मी आयुष्यात जर्मन बोललेली नाही. मी म्हटलं, शाळेत शिकला असाल. ती म्हणाली, रेल्वे स्टेशन कुठे आहे एवढं येतं. आम्ही दोघी हसलो, आणि हसता हसता तिला रडू फुटलं. ते रडणं काही केल्या थांबेना. मी तिच्या स्वयंपाकघरात जाऊन शोधून शोधून चहा केला.

गुरुवारी दुपारी आम्ही खाटेची पाठ उंच केली, पडदा बाजूला सारला, नर्सला बाहेर थांबायला सांगितलं. आई बाहेर कॉरिडॉरमध्ये बसली. टिनेका खाटेच्या कडेवर टेकली, कोट काढून. मी मागे. तिने अडखळत, चुकत विचारलं, "ममा, पाय काढू द्यायचा का? तुला राहायचंय ना?"

हेल्गाबाई म्हणाल्या, "रांगेत माझा नंबर होता. ही मधे घुसली."

टिनेकाने मागे वळून बघितलं. "पावाच्या रांगेतली," मी म्हटलं. "सिनेमातलं."

तिने पुन्हा विचारलं. उत्तर आलं, "तो आला नाही. त्याचा कोट तेवढा आला."

"हेही?"

"हेही. विधवा."

तिसऱ्यांदा विचारताना तिचा आवाज चढला. हेल्गाबाईंनी शांतपणे उत्तर दिलं, "आम्हाला यातलं काही माहीत नव्हतं."

"हे सिनेमातलं नाही," टिनेका म्हणाली. "हे ती बाबांना म्हणायची. जेवताना. मी ऐकलंय."

"टीव्ही मालिका आहे," मी म्हटलं. "शेजारणीची भूमिका. छळछावण्यांबद्दल विचारल्यावर अगदी हेच वाक्य." मुलगी विचारत होती आणि तिच्या हातात येणारा प्रत्येक शब्द मी काढून घेत होते. आज माझ्या मुलाला मी मराठीत काही विचारते आणि तो डचमध्ये उत्तर देतो, तेव्हा चिडण्याआधी मला ती खोली आठवते. निदान उत्तर त्याचं असतं.

शेवटी टिनेकाचं जर्मन संपलं. ती डचमध्ये ओरडली, "एकदा तरी तुझं स्वतःचं बोल ना!" बाहेरून नर्सने डोकावलं. मी हातानेच तिला थांबवलं. हेल्गाबाईंनी मुलीच्या चेहऱ्याकडे पाहिलं, बराच वेळ, त्या पडद्यावर नायिकेकडे बघायच्या तसं, ऐकत असल्यासारखं. मग म्हणाल्या, "खिडकी उघड. ट्राम ऐकू येत नाहीये."

टिनेका माझ्याकडे वळली. मी डोक्यातल्या सगळ्या जिन्यांवरून, फलाटांवरून, तळघरांतून फिरून आले. "माहीत नाही," मी म्हटलं.

"माहीत नाही म्हणजे काय? आहे की नाही?"

"मी बघितलेल्यांत नाही. पण तीन टेपा त्यांनी मला कधी दाखवल्याच नाहीत. त्यांत मी वाईट काम केलंय, म्हणायच्या."

ती उठली आणि खिडकी उघडली. हॉस्पिटलची खिडकी, वीतभरच उघडते. त्या बाजूला ट्राम नव्हती, गाड्या लावायची जागा होती. गार हवा आत आली. हेल्गाबाईंनी डोळे मिटले नाहीत. टिनेका तिथे पाठमोरी उभी राहिली, मग कॉरिडॉरमध्ये जाऊन नर्सला म्हणाली, "डॉक्टरना सांगा, ऑपरेशन करायचं. ती आत्ता माझ्याशी बोलली."

शुक्रवारी पाय काढला. हेल्गाबाई वाचल्या. लायडस्खेनडामच्या शुश्रूषागृहात त्या फेब्रुवारीपर्यंत होत्या आणि त्यानंतर एकही वाक्य बोलल्या नाहीत, सिनेमातलं नाही, घरचं नाही. नळीचं अन्न, दर दोन तासांनी कूस बदलणं, मांडीच्या टोकाला न भरणारी जखम. कधी कधी घशातून एक आवाज यायचा, तो कशातलाच नव्हता. टिनेका रोज शाळेतून सायकलने यायची. आईने भात मऊ, अजून मऊ करून पाहिला. मी त्यांच्यासाठी टेप लावायला गेले तर त्यांनी तोंड फिरवलं. एकदा बाहेर पडताना टिनेकाने विचारलं, "मी बरोबर केलं ना?" मी म्हटलं, "खिडकी रोज थोडा वेळ उघडी ठेवा असं मी नर्सला सांगितलंय."

अंत्यविधीनंतर इथल्या पद्धतीप्रमाणे कॉफी आणि केकचा एकेक तुकडा होता. माणसं थोडी होती. टिनेकाने मला बाजूला घेतलं आणि एक कापडी पिशवी दिली. आत त्या तीन टेपा.

"तू बघ," ती म्हणाली. "मी बघणार नाही. ते वाक्य त्यांत सापडलं तर मला सांगू नकोस. नाही सापडलं तर फोन कर. कितीही वर्षांनी कर."

मी हो म्हटलं. अठराव्या वर्षी कशालाही हो म्हणता येतं. ट्राममध्ये बसल्यावर लक्षात आलं की टेपा बघून मी फोन केला नाही, तर तेही सांगितल्यासारखंच होईल. मी त्या बघत नाही तोवरच काय ते ठीक आहे. तिला हे तेव्हाच दिसलं होतं का, ते मला माहीत नाही. भूगोलाची शिक्षिका होती, अंतरं मोजायची तिला सवय होती.

आता मी आइंडहोवनला असते, एका कारखान्यात उत्पादनाचं नियोजन बघते आणि माझ्याकडचं काम सहसा मागे राहत नाही. जुन्या वस्तूंच्या दुकानातून व्हिडिओ प्लेअर आणून ठेवलाय, चालतो, तपासलाय. टेपा फार वर्षं ठेवल्या की आतली फीत एकमेकीला चिकटते, असं दुकानदार म्हणाला, तेव्हा वेळ कमी आहे. टिनेका सत्तरी ओलांडून गेली. नवीन वर्षाला तिचं कार्ड येतं, दोन ओळींचं, आणि खाली दर वर्षी फोन नंबर, तोच असूनही पुन्हा लिहिलेला. डिसेंबरमध्ये मी जुन्या यादीतली राहिलेली कामं नव्या यादीत उतरवते. तीन टेपा बघणे, हे काम यंदाही उतरवलं आहे.